चौऱ्याऐंशीची चादर

सोलापुरात चादरीचं कुणाला कौतुक नसतं. पाहुणा आला की चादर, सत्कार झाला की चादर, बदली होऊन साहेब गेला की चादर. पण आमच्या बैठकीच्या खोलीतल्या दिवाणावर जी तांबडी चादर अंथरलेली आहे, तिच्यावर गेल्या अडतीस वर्षांत कुणी बसलेलं नाही. बसू बघणाऱ्याला मी हाताला धरून खुर्चीवर नेतो. तिच्या काठात दोन मोरांच्या मध्ये विणलेल्या अक्षरांत लिहिलंय, ‘श्रमसाधना कॉलेज, फुटबॉल विजेता १९८४’. आणि श्रमसाधना कॉलेजच्या त्या संघाचा गोलरक्षक मी होतो.

मी संशयी आहे असं लोक म्हणतात. म्हणोत बापडे. छत्तीस वर्षं त्याच श्रमसाधना कॉलेजच्या कार्यालयात काढली, त्यातली शेवटची बारा अधीक्षक म्हणून. आजारपणाच्या दाखल्यावर डॉक्टरची सही वाचता आली की मी तो दाखला खोटा धरायचो, आणि दहापैकी नऊ वेळा तो खोटाच निघायचा. आता निवृत्त झालो तरी भाजीवाल्यानं न मागता कोथिंबीर टाकली की मी पिशवी उलटी करून वांगी तपासतो. आमची ही, म्हणजे यशोदा, म्हणते की तुम्ही देवळात तीर्थ घेतानाही हाताचा वास घेता. ते खरं आहे, पण त्याला कारणं आहेत.

तर एके दिवशी सकाळी फुटबॉल मंडळाचा नवा सचिव अनीश घरी आला आणि थेट माझ्या पाया पडला. निवृत्त माणसाच्या पाया पडणारा तरुण एक तर मत मागायला आलेला असतो, नाहीतर काम गळ्यात मारायला. मी पाय आखडून घेतले.

“भाऊसाहेब, मैदानावर ग्रॅनाइटचा फलक लावतोय,” अनीश म्हणाला. “एकाहत्तर सालापासूनचे आंतरमहाविद्यालयीन विजेते, वर्षवार. पुढचं सगळं आहे आमच्याकडे, पण एक्याण्णवपर्यंतची यादी कुणाकडेच नाही. म्हटलं, तुमच्याइतकं रेकॉर्ड कुणाला माहीत?”

मी चादरीकडे बघितलं. त्यानंही बघितलं. मग मी हो म्हणालो. एरवी मी कुठल्याही कागदावर तीन दिवस विचार केल्याशिवाय हो म्हणत नाही, पण ग्रॅनाइटवर आपलं कॉलेज कोरलं जाणार म्हटल्यावर कुणाचंही थोडं चुकतंच. त्यातून पुण्याला आमची नात सृष्टी शाळेच्या संघात गोलरक्षक झालेली. ‘माझे आजोबा चॅम्पियन’ असं तिनं संघातल्या सगळ्या मुलींना सांगून ठेवलेलं. सूर मारून अडवलेल्या त्या गोलची गोष्ट मी तिला ती पाच वर्षांची असल्यापासून सांगत आलोय. फलकाच्या अनावरणाला ती येणार होती, फोटो काढून मुलींना दाखवणार होती. तेव्हा चौऱ्याऐंशीच्या ओळीत श्रमसाधना हे नाव असणं मला फार गरजेचं होतं.

आता त्या काळी विजेता कसा ठरायचा हे सांगायला हवं, नाहीतर तुम्ही माझ्यावरच संशय घ्याल. आमच्या काळी अंतिम सामना होत नसे. होणार असं दरवर्षी ठरे, तारीख लागे, पत्रकं छापली जात. पण स्पर्धा रखडत रखडत जानेवारीत शिरे, आणि जानेवारीत मैदानावर सिद्धेश्वराच्या यात्रेचा गड्डा, म्हणजे पाळणे-दुकानांची जत्रा, भरे. गोलच्या खांबाशेजारी आकाशपाळण्याच्या खांबासाठी खड्डा पडला की खेळाडू आपापल्या घरी जात. मग श्रमसाधना, लोकप्रकाश आणि नवयुग या तीन कॉलेजांचे तीन क्रीडाशिक्षक एका खोलीत बसून मतं देत आणि विजेता ठरवत. त्याशिवाय संध्याकाळी निघणारं एक दैनिक ‘आमच्या मते’ म्हणून स्वतःचा वेगळा विजेता छापत असे. चौऱ्याऐंशी साली त्या दैनिकानं श्रमसाधना छापलं होतं. बातमीदाराचा भाचा आमच्या संघात होता, पण तो योगायोग. अशा रीतीनं एकवीस वर्षांत सोलापुरात सव्वीस विजेते झाले होते, आणि मला त्यातून एकवीस निवडायचे होते.

शेजारचे नागप्पा भूमी अभिलेख कार्यालयातून निवृत्त झालेले. माझ्या घरी अनीश येऊन गेल्याचं त्यांना गॅलरीतून दिसलं होतं. ते चहाला आले.

“भाऊसाहेब, यादी-बिदी नंतर,” ते म्हणाले. “आधी नोटीस काढा. पंधरा दिवसांची मुदत द्या, हरकती मागवा. कुणी आलं नाही तर तुमचं नाव पक्कं. मी जन्मभर हेच केलो.”

“आणि कुणी आलं तर?”

“कोण येतंय? चाळीस वर्षं झाली की.”

नागप्पांना माझ्या भल्याची इतकी काळजी का, असा विचार माझ्या मनात आला होता. तरी मी नोटीस काढली, दोन वर्तमानपत्रांत दिली. पंधरा दिवसांत त्रेचाळीस हरकती आल्या.

शहाण्णव साली निघालेल्या एका फार्मसी कॉलेजनं एकोणऐंशीच्या विजेतेपदावर दावा ठोकला. त्यांचं म्हणणं असं की तेव्हाच्या विजेत्या कॉलेजची इमारत आम्ही घेतली, ती सर्व हक्कांसह घेतली, आणि विजेतेपद हा हक्कच आहे. एका गृहस्थांनी कळवलं की शहात्तरच्या विजेत्या संघाला त्यांच्या गल्लीतल्या संघानं सव्वीस जानेवारीला मैत्रीपूर्ण सामन्यात हरवलं होतं, सबब विजेतेपद त्या दिवसापासून गल्लीकडे आलं. सोबत गल्लीतल्या अकरा जणांच्या सह्या होत्या, त्यातल्या सात एकाच हस्ताक्षरात. एकानं तर विजेता कोण याबद्दल काहीच म्हटलं नव्हतं. त्याची हरकत एवढीच होती की हे काम मला का दिलं.

मोडनिंबहून ज्ञानबा नावाचे एक शेतकरी पोस्टावर विश्वास नसल्यामुळे स्वतः आले. पायजमा, टोपी, काखेत फाइल. खुर्चीवर बसायच्या आधी त्यांनी फाइल टेबलावर ठेवली आणि तिच्यावर हात ठेवला.

“आमी मोडनिंबास्नं सकाळच्या यष्टीनं निघालो,” ज्ञानबा म्हणाले. “मोहोळाच्या अलीकडं टायर फुटलं. आमी हितं पोचलो तवर पंचानं शिट्टी मारून तुमाला जिंकवलं. ब्याऐंशी साल. आता तुमीच सांगा भाऊसाहेब, जो खेळलाच न्हाय त्यो हरंल कसा?”

“पण ज्ञानबा, हजर नसलं की हरल्यात जमा.”

“जमा तुमच्या कागदाव. आमी अजून हरल्यालो न्हाय. त्या साली एकबी मॅच न हरल्याली टीम आमचीच हाय. एकबी जिंकल्याली न्हाय, त्ये येगळं.”

मी पोच लिहून दिली. ती त्यांनी दोनदा वाचली आणि शिक्का मागितला. मला हा माणूस आवडला.

चौऱ्याऐंशी सालाबद्दल चौदाव्या दिवसापर्यंत एकही हरकत नव्हती. पंधराव्या दिवशी दुपारी सिद्धाराम आला. हा लोकप्रकाश कॉलेजचा सेंटर फॉरवर्ड, आता वीज मंडळातून निवृत्त. तेव्हा चेंडूमागे पळायचा, आता बोलतानाही धापा टाकतो. हातात कापडी पिशवी.

“का बे बाळू,” तो म्हणाला, “नोटीस तूच काढलायस म्हणे?”

चाळीस वर्षांत मला कुणी बाळू म्हटलं नव्हतं. कॉलेजात मी बार्शीकर भाऊसाहेब होतो. मी काही बोलायच्या आत त्यानं पिशवीतून एक तांबडी चादर काढली आणि माझ्या चादरीशेजारी दिवाणावर पसरली. तेच मोर, तोच काठ, तसलीच अक्षरं. ‘लोकप्रकाश कॉलेज, फुटबॉल विजेता १९८४’.

मी आतून भिंग आणलं. त्यानं खिशातून स्वतःचं भिंग काढलं. आम्ही दोघं गुडघ्यांवर बसून एकमेकांच्या चादरीचे धागे तपासू लागलो. यशोदा चहा घेऊन आली, आमच्याकडे बघून थांबली आणि “दोन्ही छान आहेत,” म्हणून कप ठेवून गेली. बायकांना अशा वेळी गांभीर्य कळत नाही.

“तुझी लई नवी दिसायलीय की,” सिद्धाराम म्हणाला.

“जपून ठेवली.”

“चादर जपतंय का कोण? पांघरतंय. ही बघ, दोन बाळंतपणं झाली हिच्यात, पोरगं मोठं झालं, कुत्र्यानं कोपरा खाल्ला. खरी वस्तू वापरून वापरून अशी होतंय.”

“खरी वस्तू माणूस जपतो. खोट्या वस्तूला वापरायला काय जातंय?”

त्याचा चेहरा जरा उतरला. माझा आवाज मात्र मला हवा तेवढा खणखणीत लागला नव्हता. कारण माझी चादर मला चौऱ्याऐंशी साली मिळालेलीच नव्हती. ती मिळाली सत्याऐंशी साली. वडिलांनी आणून दिली आणि कॉलेजच्या शिपायानं घरी पोचवली म्हणाले. तीन वर्षांचा उशीर झाल्यामुळे मला तर ती उलट जास्तच खरी वाटली. वेळेवर आली असती तर मी शंका घेतली असती. त्याच महिन्यात यशोदेच्या माहेरची माणसं आमचं घर बघायला आली होती. मी नुकताच कारकून म्हणून चिकटलेलो. सासऱ्यांनी चादरीची अक्षरं मोठ्यानं वाचली, माझ्याकडे वरपासून खालपर्यंत बघितलं आणि म्हणाले, “वा, खेळाडू.” पुढची बोलणी सोपी गेली.

आता एकच पुरावा उरला होता, मतदानाच्या इतिवृत्ताचं बुक. ते श्रमसाधना कॉलेजच्या अभिलेख कक्षात असायचं, हे मला पाठ होतं. माझ्याच जुन्या कार्यालयात गेलो तर राजनंदिनी नावाची नवी लिपिक म्हणाली, “सर, अर्ज द्या.” मी अर्ज दिला. तिनं तो परत दिला, कारण त्यात विषय या शब्दापुढे विषय नव्हता. हा नियम मीच लावला होता. दुसरा अर्ज दिला. आठ दिवसांनी या म्हणाली. आठ दिवसांनी गेलो तर म्हणाली, “सर, ते बुक नष्ट झालंय. ड वर्ग अभिलेख.”

माझं रक्त तापलं. नेमकं तेच बुक? नष्ट कुणी केलं, कुणाच्या सांगण्यावरून केलं, लोकप्रकाशवाल्यांचा कुणी नातेवाईक इथे नोकरीला होता का, असे प्रश्न मी चढ्या आवाजात विचारले. दोन शिपाई दारात आले. राजनंदिनीनं शांतपणे २०१४ सालची नाशन यादी काढली आणि माझ्यापुढे ठेवली. अनुक्रमांक एकशे बारा, ‘फुटबॉल समिती इतिवृत्त, निरुपयोगी’. खाली अधीक्षकाची सही.

सही अगदी स्वच्छ वाचता येत होती. त्यामुळे ती खोटी असेल असं एक क्षण मला वाटलं. पण ती माझीच होती. मी चष्मा पुसला, आभार मानले, आणि बाहेर पडताना पोच मागायची विसरलो.

मतं देणाऱ्या तिघा शिक्षकांपैकी एकटे नवयुगचे चन्नप्पा सर हयात होते. वय नव्वदीला आलेलं, मुक्काम अक्कलकोट. मी एकट्यानं जावं तर सिद्धारामला संशय, त्यानं एकट्यानं जावं तर मला. म्हणून आम्ही दोघं एसटीच्या एकाच बाकावर, मधे पाण्याची बाटली ठेवून गेलो.

चन्नप्पा सर ओट्यावर उन्हात बसले होते. घरातल्यांशी कन्नडमध्ये, आमच्याशी मराठीत.

“मत? दिलो की,” ते म्हणाले. “नवयुगला दिलो. मी नवयुगचा मास्तर, मग कुणाला देऊ?”

“आणि बाकीचे दोघं?” सिद्धारामनं विचारलं.

“ते त्यांच्या त्यांच्या कॉलेजला. दरवर्षी एक, एक, एक.”

“एकवीस वर्षं?” मी विचारलं.

“हां. आमच्यात भांडण कधी झालं नाही.”

“मग सर, विजेता कोण ठरवायचं?”

चन्नप्पा सर माझ्याकडे असे बघू लागले, जणू वर्गात मी काहीतरी फारच सोपं विचारलंय. “नरसय्या,” ते म्हणाले. “बक्षिसाची चादर तो विणायचा. संक्रांतीला द्यायची, म्हणजे नावाचे पुठ्ठे त्याला डिसेंबरात कापायला लागायचे. तो विचारायचा, सर, नाव काय घालू? आम्ही म्हणायचो, अजून ठरलं नाही. मग काय करेल तो? एक नाव कापायचा. चादर आली की आम्ही ती वाचायचो आणि बुकात लिहायचो. एकमतानं.”

म्हणजे एकवीस वर्षं आमच्या शहराचा फुटबॉल विजेता एका विणकरानं ठरवला होता, आणि आम्ही दोघं ओट्याखाली चपला घालत होतो. परतीच्या एसटीत सिद्धाराम म्हणाला, “उद्या सकाळी नरसय्याकडं जाऊ. दोघं मिळून.” मी म्हणालो, “उद्या सकाळी.” आणि स्टँडवर उतरून त्याची रिक्षा वळणाआड गेलेली बघून मी लगेच दुसरी रिक्षा केली आणि पूर्वभागात, विणकरांच्या वस्तीत, गेलो. ह्याला काही लोक लबाडी म्हणतील.

नरसय्यांचं घर सापडायला वेळ लागला नाही. खाली नातवाचे टॉवेलचे माग खडखडत होते, वर माळ्यावर म्हातारा बसलेला. शहाऐंशी वर्षं, कान शाबूत, डोळे त्याहून शाबूत. भिंतीला खिळ्यांवर भोकं पाडलेल्या पुठ्ठ्यांच्या माळा लटकत होत्या. मागावर ही माळ चढवली की भोकांप्रमाणे धागे उचलले जातात आणि नाव विणलं जातं, असं त्यांनी मला समजावलं. प्रत्येक माळेवर रंगानं साल लिहिलेलं.

“तुम्हाला नाव कुणी सांगायचं?” मी विचारलं.

“कोण सांगतंय? मी सगळे मॅच बघितलो,” नरसय्या म्हणाले. “भिंतीवर डबा घेऊन बसायचो. सर लोक कुठं बघत होते? ते झाडाखाली चहा पीत होते. चांगला कोण खेळतोय ते मला माहीत. त्याचं नाव मी कापलो.”

आयुष्यात पहिल्यांदा मला निवडीची एक निर्दोष पद्धत भेटली होती, आणि ती ऐकून मला घाम फुटला. “चौऱ्याऐंशी?”

त्यांनी काठीनं एक माळ दाखवली. “लोकप्रकाश. तो एक काळा पोरगा, घोड्यासारखा पळायचा.”

घोडा म्हणजे सिद्धाराम. “पण श्रमसाधनाची पण चादर आहे,” मी म्हणालो. “माझ्या घरी आहे.”

नरसय्यांनी मला नीट बघितलं. मग उठून कोपऱ्यातली एक वेगळी माळ काढली. तिच्यावर साल होतं सत्याऐंशी.

“एक साहेब आले होते,” ते म्हणाले. “काळी टोपी, छत्री. म्हणाले, चौऱ्याऐंशीचा विजेता श्रमसाधना, असं एक विणून द्या. मी सांगितलो, मी खोटा विजेता विणत नाही. तर ते इथंच बसले. म्हणाले, मुलीकडची माणसं घर बघायला येणार. पोरगा चांगला आहे, पण चार लोकांत सांगण्यासारखं काही नाही.”

माग खाली खडखडत होते. वडील जाऊन वीस वर्षं झाली. हयातीत त्यांनी मला कधी नालायक म्हटलं नाही, आणि चांगलाही म्हटलं नाही.

“मग मी विचारलो, कोणता पोरगा?” नरसय्या पुढे म्हणाले. “ते म्हणाले गोलकीपर. मग मी हसलो.”

“का?”

“नवयुगचा लांब पोरगा जोरात मारला. तुम्ही तिकडं बघतच नव्हते. गड्ड्याच्या पाळण्याचे खांब गाडीवरून येत होते, ते बघत होते. चेंडू आला, तोंडावर बसला आणि बाहेर गेला. तुम्ही आडवे. मी हसून भिंतीवरून पडलो, डबा पण पडला. घरी येऊन सांगितलो. माझी बायको तेव्हा बाळंतपणानंतर अंथरुणावर होती, दोन महिने काही बोलायची नाही. ती हसली. त्या दिवसापासून उठून बसायला लागली.” त्यांनी माळ परत खिळ्याला अडकवली. “साहेबांना म्हटलो, त्या पोराचं असेल तर विणतो. घेऊन जा, म्हटलो, आहेर समजा.”

मी पायऱ्या उतरलो तेव्हा नाकाला हात लावून बघितला. त्या दिवशी ते खरंच मोडलं होतं. घरी आणि सृष्टीला मी ते सूर मारताना खांबावर आपटलं असं सांगत आलो होतो.

दुसऱ्या दिवशी सकाळी ठरल्याप्रमाणे सिद्धाराम आला, पण पूर्वभागात जायला तयार होईना. दिवाणाशेजारी खुर्चीत बसून राहिला.

“बाळू, जाऊ दे म्हातारा,” तो म्हणाला. “संयुक्त लिही. दोन्ही कॉलेजं.”

“का?”

“उगाच. दोघांचं राहील.”

“सिद्धाराम, खरं सांग.”

तो चादरीचा कुत्र्यानं खाल्लेला कोपरा चिमटीत धरून म्हणाला, “रात्रभर झोप नाही बे. तू म्हटलास ते खरं वाटायलंय. खरी असती तर आमच्या आईनं जपली असती की. माझीच खोटी असंल. नातवंडं काय म्हणतील?”

माझ्यापुढे ग्रॅनाइट होतं. नरसय्यांकडे मी एकटा गेलो होतो, हे फक्त मला माहीत होतं. ‘संयुक्त’ हा शब्द मी लिहिला असता तर सिद्धाराम खूश, अनीश खूश, सृष्टी फोटो काढणार, आणि फार्मसी कॉलेजलासुद्धा माझं कौतुक वाटलं असतं. छत्तीस वर्षांत मी कुणाची रजा खोट्या दाखल्यावर मंजूर केली नाही. एका शिपायानं कॉलेजसाठी उभा जन्म घालवला होता, त्याचीसुद्धा नाही. तो माझ्या टेबलासमोर कसा उभा होता ते मला नेमकं त्याच वेळी आठवलं. मला फार वाईट वाटलं, पण ते आता वाटून उपयोग नव्हता.

“तुझीच खरी आहे,” मी म्हणालो. “माझी माझ्या वडिलांनी विणून घेतली. मी काल तिथं जाऊन आलो.”

सिद्धारामचे डोळे बारीक झाले.

“असं कसं सांगायलास तू? ह्यात तुझा काय फायदा?”

“काही नाही.”

“फायद्याशिवाय तू कुणाला पाणी दिलायस का कधी? मला काहीतरी गोम दिसायलीय.” तो चादरीची घडी घालून उठला, आणि संध्याकाळी त्याची लेखी हरकत आली. क्रमांक चव्वेचाळीस. ‘आमच्या संघास विजेता ठरवण्यामागील आपला हेतू स्पष्ट करावा.’ स्वतःच्या विजयावर हरकत घेणारा माणूस मी प्रथमच पाहिला. मी तिची पोच दिली, हरकत फेटाळली आणि अनीशच्या यादीत १९८४ समोर लोकप्रकाश लिहिलं. ब्याऐंशीच्या ओळीत ज्ञानबांसाठी तारांकित टीप मागितली होती. ग्रॅनाइटवर तारा बसत नाही म्हणून ती नाकारली गेली.

सृष्टीला फोनवर सांगताना मी आधी पाणी प्यायलो. चेंडू, पाळण्याचा खांब, तोंड, सगळं सांगितलं.

“आजोबा, गोल झाला का?” तिनं विचारलं.

“नाही. बाहेर गेला.”

“म्हणजे तुम्ही वाचवलात ना?”

“अगं, मी बघतही नव्हतो.”

“ते वेगळं. माझ्यावरून मागच्या वेळी तीन गेले, मी तर बघत होते.” मग ती म्हणाली, “मी मुलींना हीच गोष्ट सांगणार. जुनी जरा बोअर होती.”

राहिली यशोदा. दुपारी ती खाली सतरंजीवर मेथी निवडत बसली होती. तिच्या डोक्यावर भिंतीला काचेच्या चौकटीत तिनं लग्नाआधी रेशमानं भरलेले दोन राजहंस. ती चौकट तिच्याबरोबर आमच्या घरी आली, आणि येणाऱ्या प्रत्येकाला मी चादरीनंतर ते राजहंस दाखवत आलोय. मी खुर्चीत बसून तिला सगळं सांगितलं. वडील, टोपी, छत्री, ‘सांगण्यासारखं काही नाही’ हेसुद्धा.

“तुझ्या वडिलांची फसवणूक झाली,” मी म्हणालो. “मी विजेता नव्हतो.”

ती मेथीची काडी मोडत राहिली. “अहो,” ती म्हणाली, “लग्न झाल्यापासून तुमच्या शर्टाचं एक तरी बटण मी लावलंय?”

“नाही. तुझे डोळे दुखतात ना सुईनं. आपण शिंप्याकडे देतो.”

“माझे डोळे चांगले आहेत.”

मी राजहंसांकडे बघितलं. अडतीस वर्षं बटणं शिंप्याकडे जात होती, समोर भिंतीवर हे रेशमाचे राजहंस होते, आणि मला, मला, कधी शंका आली नाही.

“कुणी भरले?” मी विचारलं.

“वेळापूरच्या मामेबहिणीनं. आईनं मागवून घेतले, तुम्ही लोक बघायला येणार म्हणून. आई म्हणाली, पोरगी चांगली आहे, पण दाखवण्यासारखं काही नाही.”

मग ती मेथीचं ताट घेऊन उठली आणि सरळ जाऊन दिवाणावर बसली. चादरीवर, मोरांच्या बरोबर मध्ये. “मऊ आहे की,” ती म्हणाली.

मीही जाऊन तिच्या शेजारी बसलो. चादर खरंच मऊ होती. थोड्या वेळानं मी विचारलं, “मग आपल्या लग्नाच्या सालासमोर, सत्याऐंशीसमोर, काय लिहायचं? विजेता कोण?”

तिनं निम्मी जुडी माझ्या मांडीवर ठेवली.

“संयुक्त,” ती म्हणाली. “आणि काड्या काढा नीट.”